सिपोराचा सातवा धडा

सिपोरा झिराडकरला गाढव फार सुरेख जमायचं. शेळी, बदक, कावळा, घाटात तापलेला ट्रॅक्टर, एकदा तर सर्दी झालेला ड्रॅगनसुद्धा. इस्रायलमधली पोरं पंधरा वर्षं तिच्या आवाजावर पोसली होती. पण आजवर तिने एकाही माणसाचा आवाज काढला नव्हता. खरं म्हणजे तिला काढू दिला नव्हता.

तिचा जन्म रेवदंड्याचा. तिची माणसं बेने इस्रायल, म्हणजे कोकणातली ज्यू. पिढ्यान्‌पिढ्या प्रार्थना हिब्रूत केली, पण भांडली, रडली आणि स्वयंपाकघरात कुजबुजली ती मराठीतच. सिपोरा अकरा वर्षांची असताना आईवडिलांनी बिऱ्हाड उचललं आणि इस्रायलमधल्या लोद गावी नेऊन टाकलं. तिथे ती आधी बालवाडीत मदतनीस झाली, मग हातात बाहुल्या घालून पोरांना हसवू लागली, मग रेडिओवर गेली, आणि शेवटी परदेशी कार्टूनना हिब्रू आवाज देऊ लागली. पोरं तिला ‘दोदा त्सिपी’ म्हणत. दोदा म्हणजे मावशी.

हिब्रू तिला अस्खलित येत होतं, पण त्याचा हेल रेवदंड्याचाच राहिला होता. तिचं वाक्य दबकत दबकत चढण चढे आणि वर पोचल्यावर ‘हो की नाही?’ म्हणून बसकण मारी. तेल अवीवचा डबिंग दिग्दर्शक गिदोन एकदा राजकन्येच्या आवाजाची चाचणी घेऊन तिला म्हणाला होता, “त्सिपी, तुझ्या गाढवाला तोड नाही. पण तुझी राजकन्या बोलायला लागली की वाटतं, आता ही कोळणीशी घासाघीस करणार.” हे राग येण्यासारखं होतं, पण खोटं नव्हतं. सिपोराने राग गिळला आणि त्या दिवशीचं गाढव जरा जास्तच मोठ्याने ओरडून घेतलं.

१९८५ च्या शरद ऋतूत ती बाहुल्यांची पेटी घेऊन न्यू जर्सीला आली. तिथल्या ज्यू वस्त्यांमधल्या रविवारच्या हिब्रू शाळांमध्ये खेळ करायचे, असं आमंत्रण होतं. आमंत्रण धाडणाऱ्या मिसेस ग्रीनबाउम म्हणजे साठीच्या, गुटगुटीत आणि कुणाचंही वाक्य पुरं होऊ न देणाऱ्या बाई. पिस्कॅटवेला त्यांच्या घराच्या वरच्या मजल्यावर सिपोराची सोय झाली. हिब्रूवर मिसेस ग्रीनबाउमचं जिवापाड प्रेम होतं, फक्त त्यांना ते येत नव्हतं. प्रार्थना पाठ होत्या, तेवढंच.

तिसऱ्याच आठवड्यात त्यांनी सिपोराला समोर बसवलं.

“मुलांसाठी हिब्रूची कॅसेट काढायची आहे. बारा धडे. त्यात आई असेल, वडील, बाई, दुकानदार, आणि बाराव्या धड्यात राजकन्या. सगळे आवाज तुझे.”

“माणसांचे?” सिपोराने विचारलं.

“मग काय गाढवांचे?”

सिपोराचा ‘हो’ ओठांपर्यंत आला होता. तरी ती प्रामाणिक बाई होती. म्हणाली, “पण माझे उच्चार जरा...”

“अगदी प्राचीन आहेत!” मिसेस ग्रीनबाउमनी वाक्य हातातून काढून घेतलं. “मी पहिल्याच दिवशी आमच्या धर्मगुरूंना, रबाईंना म्हटलं, बायबलमधली माणसं अशीच बोलत असणार.”

आयुष्यात पहिल्यांदा राजकन्या समोर येऊन उभी होती. तिला दारातून परत पाठवायचं सिपोराच्या जिवावर आलं.

रेकॉर्डिंग दोन दुपारी चाललं. मशीनवर बसलेल्या माणसाला हिब्रूचं अक्षर कळत नव्हतं आणि मिसेस ग्रीनबाउम काचेपलीकडे डोळे मिटून माना डोलावत होत्या. सातव्या धड्याच्या वेळी सिपोराच्या हातातला कागद निसटला. तिने तो शोधला, उचलला, पुन्हा वाचायला सुरुवात केली आणि धडा संपवला. कॅसेट डिसेंबरात घरोघर गेली. सिपोराने ती एकदाही ऐकली नाही. गाढव म्हणून स्वतःला ऐकायला तिला कधी लाज वाटली नव्हती, पण बाई म्हणून ऐकायचं धैर्य होईना.

जानेवारीत पिस्कॅटवेच्या वाचनालयात तिचा खेळ होता. बाहेर गुडघाभर बर्फ पडलेलं, आत चाळीसेक मुलं. शेळीच्या बाहुलीची मान सैल झाली होती. ती सारखी कलंडायची. तिसऱ्यांदा कलंडली तशी सिपोरा पडद्याआडून दात ओठ खात पुटपुटली, “मेले, उभी रहा की नीट! सकाळपासनं नुसती लोळतेय!”

तिसऱ्या रांगेत साडीवर जाड कोट आणि पायात बर्फाचे बूट घातलेली एक बाई ताडकन उभी राहिली. “अगंबाई!” ती ओरडली. “शेळी मराठी आहे!”

ही सुनेत्रा. नवरा गिरीश केमिकल इंजिनिअर, माहेर पुण्याचं, दहा वर्षं अमेरिकेत. खेळ संपल्यावर ती आठ वर्षांच्या लेकीला, दीपाला ओढत पडद्यामागे आली.

“तुम्ही मराठी?”

“मी रेवदंड्याची.”

“पण बाहेर बोर्डावर तर इस्रायली लिहिलंय!”

“तेही खरं आहे,” सिपोरा म्हणाली. “दोन्ही खरं आहे.”

सुनेत्राने क्षणभर विचार केला आणि तो प्रश्न तिथेच सोडून दिला. “पोहे खाता ना? मग चला. गाडी बाहेरच आहे, मी ड्राइव्ह करते. दीपा, या सिपोरामावशी.”

“हाय, मावशी,” दीपा म्हणाली. “इज द गोट ओके?”

त्या दिवसापासून सिपोराचे रविवार शाळेत आणि बाकीच्या संध्याकाळी सुनेत्राकडे जाऊ लागले. पोटभर मराठी बोलायला मिळालं की तिचा चेहरा तेल लावल्यासारखा तुकतुकीत होई. महिन्याभरात दोघी अहोजाहोवरून अगंतुगंवर आल्या.

एप्रिलमध्ये मिसेस ग्रीनबाउमनी पाठांतराचा मोठा समारंभ ठरवला. पाच शाळांची छप्पन मुलं कॅसेटमधले धडे म्हणणार होती. “आणि पाहुणाही मिळालाय,” त्या नाश्त्याला म्हणाल्या. “थेट तेल अवीवचा. कार्टूनची मालिका घ्यायला न्यूयॉर्कला आलाय, माझ्या जावयाच्या ओळखीचा निघाला. नाव गिदोन. तू ओळखत असशील ना?”

सिपोराने उष्टा टोस्ट बशीत ठेवून दिला.

ती तशीच सुनेत्राकडे गेली. “संपलं गो माझं! हा माणूस मला पंधरा वर्षं ओळखतो. ती पोरं तोंड उघडतील आणि त्याला कळेल, सगळं गाव मी कोळणीच्या हेलात बोलायला शिकवलंय. मी आजारी पडते. तू फोन करून सांग, ताप आहे.”

“काही ताप नाही,” सुनेत्रा म्हणाली. “आणि शिकवलंस ते शिकवलंस. मी येते बरोबर. मला हिब्रू कळत नाही, तेव्हा तुझी चूक न कळणारं एक तरी माणूस तिथे असेल.”

रविवारी दुपारी सभागृह भरलं होतं. पहिल्या रांगेत गिदोन. केस पांढरे झाले होते, पण भुवई वर करायची सवय तीच. सिपोराला पाहून त्याने मान हलवली. तिच्या शेजारी सुनेत्रा बसली होती.

छप्पन मुलांनी पहिला धडा सुरू केला. वाक्य चढण चढलं आणि वर जाऊन बसलं. दुसरं चढलं आणि बसलं. गिदोनची भुवई वर गेली ती खाली येईना. निळ्या डोळ्यांची, सोनेरी केसांची पोरं रेवदंड्याच्या बाजारात उभी राहिल्यासारखी हिब्रू बोलत होती.

“अगं,” सुनेत्रा कानाशी म्हणाली, “शब्द कळत नाहीत, पण कुणाला तरी झापतायत हे कळतंय.”

“गप बस,” सिपोरा म्हणाली.

सातवा धडा आला. “आबा हालाख ला-शूक,” मुलं म्हणाली, म्हणजे बाबा बाजारात गेले. मग सगळी एकदम थांबली, आणि छप्पन गळ्यांतून स्वच्छ, खणखणीत आवाजात निघालं, “अगो बाय माझे, पान कुठं गेलं? मेलं इथंच तर होतं!”

मग छप्पन मुलं एकसाथ दोनदा खोकली आणि बाबा बाजारातून संत्री घेऊन आले.

सुनेत्राने पदराचा बोळा तोंडात कोंबला. तिचे खांदे असे गदगदू लागले की मागच्या म्हाताऱ्या गृहस्थाने तिला हळूच पाण्याचा पेला दिला. सिपोरा जागच्या जागी थिजली होती. कॅसेटमधून कोणी काहीच कापलं नव्हतं! कोण कापणार? हिब्रू कुठे संपतं आणि रेवदंडा कुठे सुरू होतो, हे तिथे कोणालाच ठाऊक नव्हतं.

टाळ्यांचा कडकडाट झाला. मिसेस ग्रीनबाउम मंचावर चढल्या. “सातव्या धड्यातला तो प्राचीन उद्गार!” त्या सद्गदित होऊन म्हणाल्या. “मी मुलांना समजावून सांगते, बाजारातली महागाई पाहून बाप देवाला हाक मारतोय. मिस्टर गिदोन, खरं सांगा, असं हिब्रू तुम्ही कधी ऐकलंत?”

गिदोन उठला. त्याने सिपोराकडे पाहिलं, मग मुलांकडे. “नाही,” तो अगदी खरं तेच बोलला. “इस्रायलमध्येसुद्धा नाही.”

पुन्हा टाळ्या. एवढ्यावर सुटता आलं असतं. पण सिपोराला पहिल्या ओळीतली एक दात पडलेली मुलगी दिसली. ती जीव तोडून खोकली होती, कॅसेटमधला खोकला चुकू नये म्हणून. सिपोरा उठून मंचावर गेली.

“मुलांनो,” ती इंग्रजीत म्हणाली, “तो उद्गार हिब्रू नाही. ती माझी भाषा आहे, मराठी. माझा कागद पडला होता, आणि मी तो शोधत होते. खोकलाही माझाच. आणि तुम्ही जो हेल काढता ना, तो भारतातल्या समुद्रकाठच्या माझ्या गावचा आहे. चूक तुमची नाही. मी आधीच सांगायला हवं होतं.”

मिसेस ग्रीनबाउमचं तोंड उघडं राहिलं. त्यांचं स्वतःचं वाक्य अपुरं राहण्याची ती पहिलीच वेळ असावी.

“पण,” शेवटी त्या म्हणाल्या, “माझ्या नातवाने ते तेराव्या वर्षाच्या सोहळ्यात, बार मित्झ्वाच्या भाषणात म्हटलं. दोनशे लोकांसमोर.”

“खोकल्यासकट?” गिदोनने विचारलं.

“खोकल्यासकट.”

आधी गिदोन हसला, मग सुनेत्राचा बोळा सुटला आणि मग कोणीच कोणाला आवरेना. हशा जरा ओसरला तशी ती दात पडलेली मुलगी हात वर करून म्हणाली, “आम्हाला आता पुढचं मराठी कधी शिकवणार?”

खाली चहापाण्याच्या टेबलाशी गिदोन तिला गाठून म्हणाला, “पंधरा वर्षं मी तुला सांगत आलो, तुझा हेल पोरांना कळणार नाही. आणि इथे छप्पन पोरांनी तो एका हिवाळ्यात उचलला.” त्याने बिस्किटाचा तुकडा मोडला. “नव्या मालिकेत एक भूमिका आहे. आजीची.”

“शेळीची आजी?”

“माणसाची.”

सिपोरा त्रेचाळीस वर्षांची होती. राजकन्येचा नाद सोडून एकदम आजी व्हायचं तिला जरा लागलंच. “विचार करून सांगते,” ती म्हणाली, आणि पार्किंगपर्यंत जाऊन परत आली. “केला विचार. करते.”

सातवा धडा मे महिन्यात पुन्हा रेकॉर्ड झाला. या वेळी मिसेस ग्रीनबाउम शब्दकोश मांडीवर घेऊन बसल्या आणि प्रत्येक शब्द तपासला, ‘आबा’सुद्धा. हेल मात्र त्यांनी बदलू दिला नाही. रबाईंना एकदा प्राचीन म्हणून सांगून बसल्या होत्या.

जूनमध्ये सुनेत्राने तिला विमानतळावर सोडलं. दोघी रडल्या, आणि रडता रडता पोहे डब्यात नीट भरलेत का यावरून भांडल्याही.

तेल अवीवला पहिल्या दिवशी गिदोनने तिच्या हातात संहिता दिली. आजीला चार वाक्यं होती. सिपोराने ती चष्मा लावून नीट वाचली आणि चष्मा काढला. “गिदोन, ही बाई सत्तर वर्षांची आहे, घरात तीन नातवंडं आहेत, आणि सबंध भागात हिला बोलायला फक्त चार वाक्यं? हिचा घसा बसलाय का?”

दुपारच्या जेवणापर्यंत वाक्यं अकरा झाली होती.