मंगलीची प्रदक्षिणा

प्रदक्षिणा झाल्याशिवाय सकाळचा चहा घ्यायचा नाही, हा माझा नेम. अकोल्यात आमच्या वसाहतीमागे एका संस्थेची बाग आहे. बागेत दत्ताचं लहानसं देऊळ, देवळाशेजारी औदुंबर, आणि औदुंबराच्या पलीकडे जुन्या काळी कुणीतरी हौसेनं बांधलेले प्राण्यांचे पिंजरे. हरणं गेली, मोर गेले, माकडं कुणी सोडली की सुटली ते ठाऊक नाही. उरली होती ती एक अस्वलीण. पिलू असताना मेळघाटातून आणलेली. मंगळवारी आली म्हणून मंगली.

मी औदुंबराभोवती फिरायची, तेव्हा मंगली तिच्या पिंजऱ्यात फिरत असायची. पिंजऱ्याच्या मधोमध सिमेंटचा एक गोल ओटा होता. तिथं कारंजं करायचा बेत होता म्हणे. त्या ओट्याभोवती ती उजवीकडून फिरायची, आणि एका ठरावीक जागी आली की मान खाली झुकवायची. अगदी दर फेरीला. "पाहा वो, थे बी देवाले परदक्षिणा घालून राह्यली," असं कुणीतरी पहिल्यांदा म्हणालं आणि मग ते सगळीकडे झालं. अस्वलानं देवाला प्रदक्षिणा घातल्याची कथा पुराणात आहेच, त्यामुळे कुणाला नवल वाटलं नाही, आनंदच वाटला. ओट्याला शेंदूर लागला. गुरुवारी जुन्या शहरातून, पार मूर्तिजापुराहून बाया येऊ लागल्या. केळी, पेढे, एकादशीला साबुदाण्याची खिचडी, सगळं गजांतून आत जाऊ लागलं.

वनखात्याचं म्हणणं वेगळं होतं. एवढ्याशा जागेत अस्वल ठेवता येत नाही, तिला मोठ्या, मोकळ्या केंद्रात नेऊ, असं ते सांगत होते. संस्थेचे अध्यक्ष उत्तमराव म्हणत, जनावर इथं रमलं आहे, भक्तीला लागलं आहे, कशाला हलवता? शेवटी ठरलं की अमरावतीहून एक डॉक्टरीणबाई येतील, मंगलीला पाहतील, आणि त्या म्हणतील तसं.

त्याच सुमाराला पिंजऱ्याचे खालचे गज गंजून निसटले. दुरुस्ती होईपर्यंत मंगलीला शेजारच्या, हरणांच्या रिकाम्या पिंजऱ्यात ठेवलं. मी नेहमीप्रमाणे सकाळी गेले आणि पाहते तर ती फिरत होती. तेवढाच गोल. तीच झुकणारी मान. फक्त मधे ओटा नव्हता. झाड नव्हतं, दगड नव्हता, काहीच नव्हतं.

मी गजांना हात लावून कितीतरी वेळ उभी राहिले. माझ्या स्वतःच्या प्रदक्षिणा राहून गेल्या.

पुंजाराम पाण्याची बादली घेऊन आला. तिचं खाणंपिणं, झाडलोट सगळं तोच बघतो.

"पुंजाराम, हे कशाभोवती फिरून राह्यली रे?"

"मले काय माहीत, काकू? मी काय तिच्या पोटात शिरलो?"

"तू रोज पाहतं ना."

"म्या पाहाणंच सोडलं. जास्त पाह्यलं की माह्यंच डोकं गरगरते." त्यानं बादली आत सरकवली. "लोक म्हणतात भक्ती हाये. असंन बाप्पा. आपल्याले पगार भेटते."

घरी येताना वाटेत रागिणीताई भेटल्या. आमच्या भजनी मंडळात त्यांचा आवाज सगळ्यांत खणखणीत, आणि तोंडही. मी त्यांना सांगितलं की मधे काही नसतानाही मंगली फिरते आहे.

"अवो माय," रागिणीताई हात जोडून म्हणाल्या, "म्हणजे तुमच्या-माह्यापेक्षा पुढं गेली थे! आपल्याले मूर्ती लागते, झाड लागते. थे निर्गुणाची करून राह्यली."

मी हसले. पण मनातून प्रश्न काही जाईना.

इतकी वर्षं नेम केल्यावर एक गोष्ट मला माहीत झाली आहे. पायांना सवय लागली की मन कुठेही असलं तरी पाय फिरतात. डोक्यात वरणाला फोडणी घालायची राहिली असते आणि पाय औदुंबराभोवती चालत असतात. पण आरतीची घंटा झाली की मी थांबते. कुणी हाक मारली, ऊन चटकलं, थांबते. माझं थांबणं माझ्या हातात आहे. मंगलीचं आहे का, एवढंच मला कळून घ्यायचं होतं. भक्ती असेल तर तिच्यात मोडता घालायचा नव्हता. आणि नसेल, तर मग आम्ही सगळे रोज कशाला हात जोडतो आहोत?

म्हणून मी पुंजारामाला विचारलं, "रानात असती तर दिवसभर काय केलं असतं हिनं?"

"माती उकरली असती. अस्वलाले उधई लय आवडते. वारूळ दिसलं की सोडत नाई म्हणतात."

देवळाच्या मागच्या भिंतीशी बाभळीचं एक कुजकं खोड पडलं होतं. उधईनं, म्हणजे वाळवीनं, पोखरलेलं, हात लावला की भुसा गळणारं. आम्ही दोघांनी एकमेकांकडे पाहिलं.

"काकू, साहेब रागावतीन."

"झाडून घेताना आत पडलं म्हणावं."

"एवढं मोठं खोड झाडून घेताना पडते काय?" पण तो हसला, आणि ते खोड ओढत त्यानं आत ढकललं.

मंगली एक फेरी तशीच चालली. दुसऱ्या फेरीला खोडाशी आली आणि थबकली. नाक वर केलं. मग दोन्ही पंजे खोडावर ठेवून तिनं लाकूड असं फाडलं की मी दचकून मागे सरले. तिचे ओठ पुढे आले, नळीसारखे झाले, आणि आवाज सुरू झाला. फूऽऽ करून भुसा उडवायचा आणि मग सुर्रकन ओढून घ्यायचं. लहान पोरं बशीतून चहा ओढतात ना, तसा. पण बागेच्या फाटकापर्यंत ऐकू जाईल इतका मोठा. तिची नखं मी पहिल्यांदा नीट पाहिली. वापर नसल्यानं वाढून आत वळलेली. तळपायाला फरशीनं पडलेल्या चिरा. हे सारं रोज माझ्यापासून हातभर अंतरावर होतं.

खोड संपेपर्यंत ती फिरली नाही. खोड संपलं, भुसा राहिला, तो तिनं पुन्हा पुन्हा हुंगला. आणि मग पाय उचलून परत गोलावर.

गुरुवारी आम्ही पुन्हा एक खोड टाकलं. त्या दिवशी गर्दी होती. बाया ताटं घेऊन उभ्या, आणि मंगली ढुंकून बघेना, नुसती फुर्र-सुर्र. मूर्तिजापूरच्या एक बाई चिडून म्हणाल्या, "एवढ्या दूर याच्यासाठी आलो काय? हे तर खाऊनच राह्यली." रागिणीताईंनी मला बाजूला घेतलं. "मनकर्णाबाई, सारं गाव तुमाले वर्तवाली म्हणते. अन् तुमीच दुसऱ्याचं वर्त मोडता?"

ते मला लागलं. मी ताट उचलून घरी आले. जेवताना ह्यांनी, म्हणजे खुशालरावांनी विचारलं, "आज उपास नाई तरी काहून जेवून नाई राह्यली?" मी म्हटलं, पोट भरलं आहे.

उत्तमरावांना हे कळल्यावर ते रागावतील असं वाटलं होतं. ते उलट घरीच आले, सोफ्यावर बसले, चहा घेतला.

"वहिनी, मानलं तुमाले. काय डोकं लावलं! रविवारी डॉक्टरीणबाई येऊन राह्यल्या. त्यांच्या कागदात लिहिलं हाये की जनावर एकसारखं गोल फिरत असंन तर थो त्याले झालेला त्रास असते. आता आपण काय करू, त्या यायच्या टायमाले चांगलं जाडं खोड टाकू. त्या पाहतीन, जनावर मजेत खाऊन राह्यलं. सही करतीन अन् जातीन. मंगली आपल्यापाशीच राहीन!"

मी चहाची कपबशी उचलायच्या निमित्तानं आत गेले आणि स्वयंपाकाच्या ओट्याशी उभी राहिले. मी तिला घटकाभर बरं वाटावं म्हणून दिलेली गोष्ट तिला जन्मभर तिथेच ठेवायच्या कामी येणार होती. त्रास झालेला असतो, हे उत्तमरावांनी स्वतःच्या तोंडानं सांगितलं होतं. त्यांना माहीत होतं.

रविवारी खोड टाकलं. डॉक्टर संध्या वानखडे दुपारी बाराच्या आधी आल्या. बारीक, चष्मा लावलेल्या, प्राजक्ताएवढ्या. प्राजक्ता म्हणजे माझी मुलगी, पुण्याला असते. त्यांनी पिंजऱ्याची लांबीरुंदी बघितली, पाणी बघितलं, मंगलीला बघितलं. मंगली खोडात नाक घालून बसली होती.

"छान खाते आहे," त्या म्हणाल्या. "हे रोज देता?"

"रोजच," उत्तमराव म्हणाले. पुंजाराम झाडू घेऊन जमिनीकडे बघत होता. संस्थेचे चारपाच लोक भोवती होते, मंडळाच्या बाया होत्या. मला बोलायचं होतं. पण भरल्या माणसांत उत्तमरावांना खोटं पाडायला जीभ उचलेना. मी जन्मात तसं कधी केलं नव्हतं. डॉक्टरीणबाईंनी पेन काढलं. "मला अमरावतीच्या पुढे मोझरीलाही जायचंय, निघते मी लवकर."

तेवढ्यात देवळात दुपारच्या आरतीची घंटा झाली.

"ताई," मी म्हटलं, "देवाच्या दारी आल्या, प्रसाद घेतल्याबिगर कशा जाता? आरती झाली की देतेच."

त्या जरा अवघडल्या. "मी आरतीला नाही येत, काकू. आमच्यात नसतं."

"नका येऊ. इथंच सावलीत खुर्ची टाकते."

पिंजऱ्यासमोरच खुर्ची टाकली. बाकी सगळे, उत्तमरावसुद्धा, देवळात गेले. आरती मीच धरते, गेली कितीतरी वर्षं. गणपतीची झाली. दत्ताची झाली. एरवी इथं आमचा कापूर लागतो आणि आरती संपते. मी देवीची धरली. मागून फुर्र-सुर्र ऐकू येत होतं. तोंड देवाकडे होतं, पण कान मागे होते; दत्तानं ते पाहिलं असणार. देवीची संपली, शंकराची धरली. टाळ्या वाजवणाऱ्या बायांनी माझ्याकडे पाहिलं. विठ्ठलाची धरली. उत्तमराव हळूच म्हणाले, "वहिनी, पाहुणे थांबले हायेत." आरती चालू असताना मी बोलत नाही. त्यांनाही मधून उठता येईना.

"मनकर्णाबाई," रागिणीताई टाळ्यांच्या आडून कुजबुजल्या, "आता कोणाची राह्यली?"

मी मारुतीची धरली. मग ज्ञानोबारायांची, मग तुकोबारायांची. रागिणीताईंचा खणखणीत आवाज फाटायला लागला होता. मागचं सुर्र विरळ झालं, मग नुसतं हुंगणं राहिलं, मग काहीच नाही. रामाची आरती अर्ध्यावर होती तेव्हा फरशीवर नखांचा खडखड आवाज आला. थांबला. पुन्हा आला. मग एका लयीत येतच राहिला.

मी कापूर लावला.

बाहेर आलो तर डॉक्टरीणबाई खुर्चीत नव्हत्या. गजांना टेकून उभ्या होत्या. मंगली त्यांच्या पुढून जात होती, मान झुकवत होती, पुन्हा येत होती. उत्तमरावांचे हात सवयीनं जोडले गेले.

"पुंजाराम," डॉक्टरीणबाई मागे न बघता म्हणाल्या, "खोड रोज देता ना?"

पुंजारामनं उत्तमरावांकडे पाहिलं, मग माझ्याकडे. आता मात्र मीच बोलले. आवाज लहानच होता, पण ऐकू गेला.

"नाई ताई. आज तिसऱ्यांदा दिलं. एरवी दिवसभर थे हेच करते."

"वहिनी!" उत्तमराव म्हणाले.

"उत्तमराव, मले एक सांगा. हिले थांबता येते काय? आपल्याले येते."

रागिणीताई घसा धरून शेजारच्या पिंजऱ्यातल्या ओट्याकडे पाहत होत्या. मग म्हणाल्या, "मले तर आज समजलं बाप्पा. तेवढ्या आरत्यांत माह्ये पाय गेले, अन् हे तर रोजचं करते."

डॉक्टरीणबाईंनी कागद पुन्हा उघडला आणि बराच वेळ लिहिलं. मी त्यांना प्रसादाचा शिरा द्रोणात दिला. तो त्यांनी आवडीनं खाल्ला.

"तिथं नेल्यावर थे फिरणं थांबवंन काय?" मी विचारलं.

"खरं सांगू? माहीत नाही. काही थांबतात. काही मोकळ्या जागेतही तेवढ्याच गोलात फिरत राहतात, वर्षानुवर्षं."

"मग मले कळवाल? मले पाहायचं हाये."

मंगलीला नेलं तेव्हा बाग भरली होती. काहीजणी रडल्या, काहीजणी माझ्याशी बोलल्या नाहीत. दोघीतिघी अजून बोलत नाहीत. गुरुवारची गर्दी गेली. शेंदूर लावलेला ओटा उत्तमरावांनी तसाच ठेवला आहे.

परवा डॉक्टरीणबाईंनी मोबाईलवर चित्रफीत पाठवली. मोठं आवार, वाळलं गवत, कडेला सागाची झाडं. मंगली फिरते आहे. तोच गोल, तीच मान. मग एका फेरीला तिनं मान झुकवली ती वर केलीच नाही. नाक जमिनीला लावून उभी राहिली. एक पंजा उचलला, आणि चित्रफीत तिथंच संपली.

खुशालराव शेजारी बसून पाहत होते. "उकरलं काय तिनं मंग?"

"कोणाले माहीत."

मी डॉक्टरीणबाईंना लगेच फोन लावला. म्हटलं, ताई, पुढचंही पाठवा.