चौसष्ट सागरवीर

भाट्याच्या किनाऱ्यावर सुरूच्या बनाला लागून मांडव घातला होता आणि मांडवातल्या लांब टेबलावर चौसष्ट ट्रॉफ्या ओळीने उभ्या होत्या. सगळ्या एका उंचीच्या, एका सोनेरी रंगाच्या, प्लास्टिकच्या पिशवीत घातलेल्या. प्रत्येकीवर एकच शब्द होता, ‘सागरवीर’. खाली मंडळाचे अध्यक्ष विश्राम मयेकर यांचा हात जोडलेला छोटासा फोटो.

दीपाली कदम मांडवाच्या खांबाला टेकून उभी होती. गेली नऊ वर्षं ती सागरवेध जलतरण मंडळात मुलांना पोहायला शिकवत होती. आजच्या तीन किलोमीटरच्या सागरी स्पर्धेची तांत्रिक जबाबदारीही तिचीच. पहाटेपासून तिच्या हातात एक पुठ्ठ्याला लावलेला कागद होता. चौसष्ट मुलं पाण्यात उतरली, पंचेचाळीस पोचली. एकोणीस मुलांना वाटेतून होडीत घ्यावं लागलं. कोण, कुठे, किती अंतरावर, सगळं तिने लिहून ठेवलं होतं.

आणि आता माइकवरून नावं आद्याक्षरांप्रमाणे पुकारली जात होती.

“आज इथे कोणी पहिला नाही, कोणी शेवटचा नाही,” मयेकर सांगत होते. “समुद्रात उतरला तो जिंकला! आपल्याकडे कोणी हरत नाही.”

टाळ्या झाल्या. आयांनी मोबाइल वर केले.

दीपाली स्टेजच्या मागच्या बाजूने मयेकरांपर्यंत गेली. “साहेब, एकोणीस जण होडीतून आलेत. त्यांना उतरल्याबद्दल काहीतरी द्या, माझी ना नाही. पण प्रमाणपत्रावर ‘अंतर यशस्वीरीत्या पूर्ण केले’ असं छापलंय. ती एकोणीस बाजूला काढायचं ठरलं होतं आपलं.”

“आता एवढ्यांसमोर काढत बसू?” मयेकर हसतच म्हणाले, कारण समोर कॅमेरा होता. “दीपाली, पोरं आहेत. मन मोडतं त्यांचं. आणि आईबाप पुढच्या वर्षी पाठवत नाहीत, तो भाग वेगळाच.”

“पण सही माझी आहे त्याच्यावर.”

“मग छानच आहे की सही,” असं म्हणून ते पुढच्या मुलाच्या खांद्यावर हात टाकून फोटोला उभे राहिले.

सही तिचीच होती. आदल्या दिवशी संध्याकाळी मंडळाच्या कचेरीत चहा पीत पीत तिने चौसष्टच्या चौसष्ट प्रमाणपत्रांवर सह्या ठोकल्या होत्या. वेळ वाचतो, नंतर गडबड होते, जी नको असतील ती फाडून टाकू, असं मयेकर म्हणाले आणि तिने मान हलवली. तेव्हा त्यात काही वावगं वाटलं नव्हतं.

“स्वरूप रितेश खातू!”

दहा वर्षांचा स्वरूप टॉवेल गुंडाळूनच पुढे आला. त्याचे ओठ अजून निळसर होते. चारशे मीटरवर त्याच्या पायात गोळा आला होता, तो हात वर करून ओरडला होता, आणि मिरकरवाड्याच्या नासिरभाईंनी त्याला काखेत धरून होडीत ओढलं होतं. आता त्याने ट्रॉफी घेतली, प्रमाणपत्र घेतलं, आणि फोटोग्राफर “बाळा, इकडे बघ” म्हणत असताना तो खाली वाळूकडेच बघत राहिला. शेवटी त्याच्या बाबांनी, रितेश खातूंनी, खालून शीळ घातली तेव्हा त्याने मान वर केली.

दीपालीला ते सगळं नासकं वाटलं. तिखट मीठ लावलेली शिळी मासळी ताजी म्हणून ताटात वाढावी, आणि आपण ती शेजाऱ्यांना आग्रहाने खिलवावी, तसं काहीतरी.

मांडवाबाहेर मनाल उभी होती. नासिरभाईंची मुलगी, बारा वर्षांची. ती मुलींत पहिली आणि सगळ्यांत तिसरी आली होती. शेवटच्या वळणावर वारा फिरला, लाट तोंडावर यायला लागली, तरी ती थांबली नव्हती. गेलं वर्षभर शाळेच्या आधी रोज दीड तास ती मंडळाच्या जलतरण तलावात असायची.

“मॅडम,” तिने हातातली ट्रॉफी उलटीसुलटी करून पाहिली, “स्वरूप तर अब्बांच्या होडीत होता ना?”

“होता.”

“मग?”

“सगळ्यांना द्यायचं ठरलं मनाल. प्रोत्साहन म्हणून.”

तोंडातून शब्द गेला आणि दीपालीला स्वतःच्या तोंडाची शिसारी आली. मनालने ट्रॉफी पिशवीत टाकली, तिच्यावर ओला स्विमसूट टाकला आणि होडीकडे चालू लागली.

दीपाली काही पदकांच्या विरुद्ध नव्हती. सहा-सात वर्षांची चिमुरडी पहिल्यांदा हात सोडून तलावाची एक बाजू गाठतात तेव्हा ती स्वतः त्यांना कागदी बिल्ले वाटायची. चार वर्षांपूर्वी सानिका नावाची मुलगी शेवटची आली, पोरं हसली, आणि ती पुन्हा कधी तलावावर फिरकली नाही. त्यानंतर सगळ्या लहान गटाला सारखा खाऊ द्यायचं दीपालीनेच सुचवलं होतं. आलास म्हणून शाबासकी द्यावी. पण पोचला नाहीस त्याला पोचलास म्हणून सांगायचं, आणि तेही समुद्राच्या बाबतीत? समुद्राला प्रमाणपत्र वाचता येत नाही.

तिने हे पालकांच्या ग्रुपवर थोडं सौम्य करून लिहिलं. दहा मिनिटांत उत्तरं आली. ‘मॅडम, स्पर्धेचं विष लहानपणापासून नको.’ ‘माझ्या मुलीने ट्रॉफी उशाशी घेतली, तिचा आनंद का हिरावताय?’ एका आईने मात्र लिहिलं, ‘माझा मुलगा विचारतो, पुढच्या वर्षी सराव नाही केला तरी मिळेल ना?’ त्याच्यावर कोणी काही बोललं नाही. सगळ्यांनी मयेकरांच्या भाषणाच्या व्हिडिओवर अंगठे दाखवले.

तीन दिवसांत मारुती मंदिराच्या चौकात फलक लागला. ‘सागरवीर चि. स्वरूप याचे हार्दिक अभिनंदन!’ खाली शुभेच्छुक म्हणून बावीस जणांची तोंडं. मागे कुठल्यातरी परदेशी समुद्राची निळी लाट. स्कूटर थांबवून दीपाली तो बघत राहिली. पोराच्या डोळ्यांवर फोटोत चकाकी आणली होती, पण मान तीच, शीळ ऐकून कशीबशी वर केलेली.

पुढच्या आठवड्यात रितेश खातू तलावावर आले. पत्र्याच्या शेडचा धंदा करणारा, मोठ्या आवाजाचा, मनाने वाईट नसलेला माणूस. हातात एक फॉर्म होता.

“मॅडम, फेब्रुवारीत खाली मालवणच्या बाजूला पाच किलोमीटरची स्पर्धा आहे. आपल्या स्वरूपचं नाव घालतोय. प्रशिक्षकाची संमती लागते म्हणे, तेवढी सही द्या.”

“पाच किलोमीटर?” दीपालीने फॉर्म हातातच घेतला नाही. “खातूसाहेब, तो चारशे मीटर पोहलाय.”

“अहो, तीन किलोमीटर पूर्ण केलेल्यांनाच घेतात तिकडे. प्रमाणपत्राची प्रत जोडलीय ना मी.”

“ते खरं नाही. तुम्ही किनाऱ्यावर होतात. होडीतून उतरताना बघितलंत त्याला.”

“हां, तेवढं शेवटी शेवटी घेतलं असेल होडीत.”

“शेवटी नाही हो. सुरुवातीलाच.”

खातूंचा चेहरा बदलला. त्यांनी फॉर्मच्या मागचा कागद पुढे काढला आणि त्यावर बोट ठेवलं. “ही सही कोणाची? तुमचीच ना? तुम्हीच लिहून दिलंत पूर्ण केलं म्हणून. आता तुम्हीच म्हणता नाही केलं. मग तेव्हा खोटं बोललात की आता बोलताय?”

माणूस अगदी बरोबर विचारत होता. दीपालीचं नाव, वळणदार, खाली दोन टिंबं दिलेलं, त्या कागदावर बसलं होतं आणि तो कागद एका दहा वर्षांच्या पोराला पाच किलोमीटर पोहायला खोल पाण्यात ढकलायला निघाला होता.

“तेव्हा खोटं बोलले,” ती म्हणाली.

बाबांबरोबर आलेला स्वरूप तलावाच्या शेडच्या पायरीवर बसून चपलेचा अंगठा ओढत होता. दीपाली त्याच्यासमोर उकिडवी बसली. “स्वरूप, तुला जायचंय त्या स्पर्धेला?”

त्याने बाबांकडे बघितलं. मग अगदी हळू म्हणाला, “मला पाय टेकत नाही तिथे भीती वाटते.”

“अरे, बॅनर लागलाय तुझा!” खातू म्हणाले.

“काढा ना तो,” स्वरूप म्हणाला आणि एकदम रडायलाच लागला. “वर्गातली मुलं मला ‘होडीवीर’ म्हणतात. मनालदीदी तर माझ्याशी बोलतच नाही. मी कधी सांगितलं मी पोचलो म्हणून? तुम्हीच सगळे सांगता!”

खातू गोरेमोरे झाले. त्यांनी पोराला उठवलं, फॉर्म खिशात कोंबला आणि गाडी काढली. जाताना एवढंच म्हणाले, “तुमच्या सहीशिवाय पण जमवता येतं, मॅडम.”

ते वाक्य ऐकलं आणि दीपालीला राहवेना. त्याच दुपारी तिने त्या स्पर्धेच्या संयोजकांना पत्र लिहिलं. सागरवेध मंडळाने दिलेल्या चौसष्टपैकी एकोणीस प्रमाणपत्रं चुकीची आहेत, ती आपण आधीच सह्या करून ठेवली होती, त्या एकोणीस मुलांची यादी सोबत जोडत आहे, कृपया यांना पाण्यात उतरवू नये. पत्राची एक प्रत तिने मयेकरांना दिली.

मयेकरांनी ती उभ्या उभ्याच वाचली. चेहऱ्यावरचं नेहमीचं हसू गेलं नाही, फक्त घट्ट झालं.

“स्वतःच्याच मंडळाच्या तोंडाला काळं फासलंत.”

“साहेब, पोरगं बुडलं असतं.”

“बुडलं असतं! तिकडे काय होड्या नसतात? अहो, सगळीकडे हेच चालतं. चित्रकलेला बक्षीस, गाण्याला बक्षीस, श्लोक म्हटले की बक्षीस. एकाला दिलं की दहा आया रुसतात. त्यापेक्षा सगळ्यांना दिलं, सगळे खूश. तुम्हाला कुणाचा आनंद का बघवत नाही?”

“आनंद कुठे बघितलात तुम्ही? तुम्ही फोटो बघितलेत,” दीपाली म्हणाली.

पुढच्या महिन्यापासून बॅच दुसऱ्याकडे द्यायचं ठरल्याचं त्यांनी तिथल्या तिथे सांगितलं. एवढ्यावर सुटका झाली असती तर तिला चाललं असतं.

पण संयोजकांचं उत्तर आलं ते वेगळंच. त्यांनी एकोणीस नावं काढली नाहीत. सागरवेध मंडळाची सगळीच्या सगळी प्रमाणपत्रं बाद केली. ज्या मंडळाची प्रमुख अधिकारी स्वतः लिहून देते की सह्या आधी झाल्या, त्याचा एकही कागद ग्राह्य धरता येणार नाही, असं त्यांनी म्हटलं होतं. त्यांचंही चूक नव्हतं. नव्याने चाचणी द्यायला मुदत उरली नव्हती.

संध्याकाळी नासिरभाई दीपालीच्या घरी आले. बरोबर मनाल. नासिरभाई बंदरावरून थेट आले होते, बर्फाचं पाणी लागून बोटं पांढरी पडलेली.

“दीपालीताई, मालवणच्या स्पर्धेतून आमच्या पोरीचं नाव कापलं म्हणतात.”

“हो.”

“ती तर पोचली होती. मी डोळ्यांनी बघितली. सगळ्या भाट्याने बघितली.”

“तुम्ही बाप आहात, तुमची साक्ष चालणार नाही. आणि माझी आता कोणी धरणार नाही,” दीपाली म्हणाली. “मी त्यांना फोन केला, दोनदा केला. तिचे वेळेचे कागद पाठवले. नाही म्हणतात.”

नासिरभाईंनी दाराच्या चौकटीला हात टेकला. “मासळी बाजारात असं केलं ना,” ते म्हणाले, “एका टोपलीत चांगलं नि कुजकं एकत्र घातलं, तर दुसऱ्या दिवशी तुमच्या चांगल्या टोपलीला पण कोणी हात लावत नाही.” त्यांच्या आवाजात राग कमी होता आणि किळस जास्त. नुसता राग असता तर दीपालीला बरं वाटलं असतं.

मनालने सरळ विचारलं, “तुम्ही माझ्या पण प्रमाणपत्रावर आदल्या दिवशीच सही केली होती? मी पोहायच्या आधी?”

“हो.”

“म्हणजे मी पोचले नसते तरी तेच लिहिलेलं असतं.”

“हो, मनाल.”

मुलीने तिच्याकडे ज्या नजरेने पाहिलं, तशी नजर दीपालीने आयुष्यात स्वतःवर कधी झेलली नव्हती. त्यात भांडण नव्हतं. पाण्यावर तरंगणारा तेलाचा तवंग दिसावा आणि माणसाने उतरायचा विचारच सोडून द्यावा, तसं काहीतरी त्या डोळ्यांत होतं. नासिरभाईंनी तिला खांद्याला धरलं आणि दोघं निघून गेली.

मनाल आठ दिवस तलावावर आली नाही. नवव्या दिवशी आली. महिन्याचे सहा दिवस उरले होते, दीपालीची बॅच अजून चालू होती. मुलीने नमस्कार केला नाही, हसली नाही. टोपी घातली, चष्मा लावला आणि सरळ पाण्यात शिरली. शंभर मीटर झाले, दोनशे झाले, चारशे झाले. भिंतीला हात लावून ती थांबली, दम खात.

दीपालीने घड्याळ बघितलं. मनालची एरवीची वेळ तिला तोंडपाठ होती. आजची बरीच वाईट होती. ‘आठ दिवसांनी आलीस, छानच की,’ असं जिभेवर आलं होतं. नऊ वर्षांची सवय.

“किती?” मनालने विचारलं.

“अकरा सेकंद जास्त. तिसऱ्या फेरीनंतर हात गळालेत तुझे.”

पलीकडच्या पट्ट्यातली दोन मुलं वळून बघायला लागली. मनालने तोंडावरचं पाणी पुसलं.

“परत करते,” ती म्हणाली. “वेळ लिहा. झाल्यावर लिहा.”