चौदा भूर्ज

साधना आगाशेला सिंगापुरात आणलं गेलं ते झाडं जगवण्यासाठी. थंड मुलखातली झाडं हिवाळ्यात झोपतात म्हणजे नेमकं काय करतात, या विषयावर तिनं फिनलंडमध्ये सहा वर्षं घालवून पीएच.डी. मिळवली होती. २०१३ साली पाया लेबार भागात एका नव्या मॉलच्या मालकाला काचेच्या छताखाली उत्तरेकडचं जंगल हवं होतं. बाहेर बत्तीस अंश आणि आत सोळा. जहाजातून थंड कंटेनरमध्ये झाडं आली. पांढऱ्या सालीचे भूर्ज, स्प्रूस, मेपल, लाल फळांचे रोवन. आपल्याकडच्या हिमालयातल्या भूर्जपत्राचेच हे युरोपातले भाऊबंद, पण साल अशी की लोक आधी हात लावून बघायचे आणि मगच फोटो काढायचे.

पहिल्या वर्षी झाडं छान फुटली, कारण ती आपला हिवाळा भोगूनच जहाजात चढली होती. पुढच्या वर्षी मात्र भूर्जांच्या निम्म्या कळ्या उघडल्याच नाहीत. एका फांदीला पानं, तर दुसरी बोडकी. जी पानं आली ती पिवळट आणि नखाएवढी.

"यांना झोप हवीय," साधनानं निशिकांतला सांगितलं. निशिकांत सगळ्या प्रकल्पाचा प्रमुख, मूळ पुण्याचा, कोथरूडचा. "तीन महिने चार-पाच अंशांत, कमी उजेडात. पानं गळू द्यायची."

"आणि लोकांनी तिकीट काढून काय बघायचं? काटक्या?" निशिकांत म्हणाला. "मालकाला बारा महिने हिरवं हवंय. दिवे वाढव, खत वाढव. तू डॉक्टर आहेस ना झाडांची? मग जागं ठेव त्यांना."

साधनानं ठेवलं. रोज सोळा तास दिवे लावले, खताची मात्रा वाढवली. झाडाला थकवून थकवून पान काढायला कसं लावायचं, हे तिच्याइतकं कुणालाच माहीत नव्हतं, आणि तिनं ते ज्ञान मन लावून वापरलं. नोव्हेंबरपर्यंत चौदा भूर्ज असे झाले की दर्शनी दालनात ठेवणं शक्य नव्हतं. निशिकांतनं त्यांना लाल चिठ्ठ्या लावायला सांगितल्या. लाल चिठ्ठी म्हणजे मागं नेऊन यंत्रात घालून भुसा करायचा.

हे सगळं जवळून बघत होता उल्हास तायडे. तो अकोल्याचा, थंडाव्याच्या यंत्रणेचा इंजिनियर. दालनाचं तापमान सांभाळणं एवढंच त्याचं काम होतं, पण दोन वर्षांत त्याला झाडांचा लळा लागला होता. साधनाला तो इतके प्रश्न विचारायचा की ती कधीकधी हसून म्हणायची, "उल्हास, तुम्हीच करा आता पीएच.डी."

आंग मो किओमधल्या त्याच्या भाड्याच्या फ्लॅटवर साधना महिन्यातून एखाद्या रविवारी जेवायला जायची. ती एकटीच राहायची. उल्हासची बायको स्मिता ज्वारीची भाकरी आणि ठेचा करायची. भिंतीवर बुद्धाची आणि बाबासाहेबांची तसबीर, आणि त्याखाली आठ वर्षांच्या ऋचाची शाळेतली चित्रं चिकटवलेली.

अशाच एका रविवारी, जेवण झाल्यावर, उल्हास म्हणाला, "मॅडम, ती चौदा झाडं. मागची खोली रिकामी आहे. यंत्र तिला चार अंशांवर नेऊ शकतं. भुसाच करायचाय, तर एकदा झोपवून बघू या की."

साधनानं ऋचाच्या कंपासपेटीतली हिरवी पेन्सिल घेऊन एका कागदावर आठवड्यांचा तक्ता काढला. कोणत्या आठवड्यात किती अंश, उजेड किती तास, पाणी किती. स्मितानं चहा आणून ठेवला. साधना लिहीतच होती, तिचे गाल तापल्यासारखे लाल झाले होते.

"निशिकांतला आत्ता सांगू नका," ती म्हणाली. "झाडं फुटली की मी स्वतः सांगते."

नोव्हेंबरच्या मध्यावर झाडं मागच्या खोलीत गेली. उल्हास जाकीट घालून रोज आत जायचा, तक्त्याप्रमाणे तापमान उतरवायचा. पानं गळून गेली, फांद्या काळ्या पडल्या. साधना खोडाला नखानं बारीक ओरखडा काढून आतली हिरवी रेघ त्याला दाखवायची. डिसेंबरात त्यानं तो कागद तिला परत दिला. "मला पाठ झालंय सगळं. तुमच्या अक्षरातलं आहे, तुमच्याकडेच असू द्या. उगाच कुणाच्या हाती लागलं तर तुम्हाला त्रास."

फेब्रुवारीच्या शेवटी, एका शनिवारी दुपारी, दालनात एका बँकेचा समारंभ चालू असताना यंत्रणा बंद पडली. मुख्य पंपाचं बेअरिंग तुटलं होतं. हे बेअरिंग बदला, असं उल्हासनं तीन वेळा लेखी कळवलं होतं आणि निशिकांतनं तीनही वेळा ते पुढं ढकललं होतं. तासाभरात दालन तीस अंशांवर गेलं. पाहुण्यांचे कोट घामानं भिजले, मेपलची पानं लोंबायला लागली, आणि मालक स्वतः तिथं हजर होता.

सोमवारपर्यंत निशिकांतला कुणाचंतरी नाव द्यायचं होतं. यंत्रणेची तपासणी करताना त्यानं मागच्या खोलीचं दार उघडलं आणि गारठ्याचा लोट त्याच्या तोंडावर आला. आत चौदा बोडकी झाडं, प्रत्येकाला लाल चिठ्ठी. त्याला हवं ते सापडलं.

त्यानं दोघांना केबिनमध्ये बोलावलं. सोबत एचआरची एक मुलगी होती, त्यामुळे बोलणं इंग्रजीत सुरू झालं, पण निशिकांत चिडला की मराठीवर यायचा.

"परवानगीशिवाय चौदा आठवडे खोली चालवलीत. यंत्रावर बोजा टाकलात. म्हणून पंप गेला," तो उल्हासला म्हणाला.

"सर, पंप त्यामुळे नाही गेला," उल्हास म्हणाला. "मी मेल केल्या होत्या. आणि खोलीचं म्हणाल तर मी मॅडमना विचारूनच—"

निशिकांतनं मान वळवली. "साधना? तुला माहीत होतं?"

तिच्या पासचं, म्हणजे सिंगापुरात काम करायच्या परवान्याचं, नूतनीकरण एप्रिलमध्ये होतं. कागदांवर निशिकांतची सही लागणार होती. पण खरं तर त्या क्षणी तिनं एवढाही विचार केला नाही. शब्द तोंडात तयारच होता.

"नाही," ती म्हणाली. "मला वाटलं, झाडं भुशात गेली."

उल्हास तिच्याकडे बघत राहिला. त्याच्या चेहऱ्यावर राग नव्हता, काळजी होती. मॅडम घाबरल्यात, उद्या सावरून सांगतील, असं त्यानं संध्याकाळी स्मितालाही सांगितलं. केबिनमध्ये मात्र तो फक्त "ठीक आहे सर" म्हणाला आणि त्याचं ते 'ठीक आहे' कबुली म्हणून लिहून घेतलं गेलं.

तो बाहेर गेल्यावर निशिकांत म्हणाला, "असल्यांना तूच डोक्यावर चढवून ठेवलंस. रविवारी जेवायलाबिवायला जायचीस ना?" असल्यांना म्हणजे कसल्यांना, हे साधनाला कळलं. तिनं विचारलं नाही. आपल्या टेबलाशी येऊन तिनं खणातून तो हिरव्या पेन्सिलीचा कागद काढला आणि ऑफिसच्या श्रेडरमध्ये घातला.

उल्हासचा पास रद्द झाला. सामान आवरून देश सोडायला तीस दिवस.

चौदा झाडांचा भुसा करायचं मात्र गडबडीत राहूनच गेलं. नव्या माणसानं खोलीची थंडी बंद केली आणि मार्चच्या दुसऱ्या आठवड्यात त्या झाडांना कळ्या फुटल्या. सगळ्या फांद्यांना, एकाच वेळी, कोवळी तकतकीत पानं. इतकी दाट, की दर्शनी दालनातली झाडं त्यांच्यापुढं आजारी दिसायला लागली. मालक बघून खूश झाला. हे कुणी केलं, असं त्यानं विचारलं.

"डॉक्टर आगाशेंचं संशोधन आहे," निशिकांत म्हणाला आणि साधनाकडे बघून हसला. ती मान हलवून "हो" म्हणाली. चार दिवसांनी पेपरात तिचा फोटो आला, भूर्जाच्या खोडावर हात ठेवलेला.

त्याच रविवारी सकाळी अकरा वाजता साधनाच्या कॉन्डोच्या दारात स्मिता उभी होती. बरोबर ऋचा.

"ताई, बसत नाही जास्त वेळ," स्मिता म्हणाली, पण बसली. साधनानं ऋचाला ज्यूस दिला. ऋचा सोफ्यावर पाय हलवत शाळेतल्या सिंगापुरी इंग्रजीत म्हणाली, "आंटी, पापाज् ट्रीज आर इन द न्यूजपेपर! सो प्रिटी, लाह!"

"ताई, तुमचं नाव आलं, आम्हाला आनंदच झाला," स्मिता म्हणाली. "हे म्हणत होते, झाडं वाचली ना, बास. पण ह्यांच्या कागदावर लिहिलंय की परवानगी न घेता कंपनीचं नुकसान केलं. दोन ठिकाणी अर्ज केले, दोन्हीकडून नकार. नऊ दिवस राहिलेत. तुम्ही फक्त दोन ओळी द्या, की तुमच्या सांगण्यावरून केलं. आता तर ते चांगलंच ठरलंय. तुम्हाला कोण काय म्हणणार?"

हे सगळं खरं होतं. तिला कुणीच काही म्हटलं नसतं, कदाचित शाबासकीच दिली असती. पण आता खरं सांगायचं, तर तेव्हा खोटं बोलले हेही सांगावं लागणार होतं, आणि ते कबूल करायला साधना तयार नव्हती.

"स्मिता, मला खूप वाईट वाटतंय," ती म्हणाली. "पण जे मी सांगितलंच नाही, ते लिहून कसं देऊ?"

स्मिताला वाटलं, आपल्या ऐकण्यात चूक झाली. "ताई? आमच्या घरी बसून तुम्ही तक्ता काढलात. मी चहा ठेवला तुमच्यापुढं."

"आपण खूप गप्पा मारायचो. मी कधीतरी समजावून सांगितलं असेल, सर्वसाधारण. उल्हासचा काहीतरी गैरसमज झाला असणार."

ऋचानं ज्यूसचा ग्लास खाली ठेवला. "बट आंटी, यू टुक माय पेन्सिल, व्हॉट. द ग्रीन वन. रिमेम्बर?"

ऋचा वाट बघत होती. तिला मनापासून वाटत होतं की आंटीला आता आठवेल.

साधना तिच्याकडे न बघता स्मिताला म्हणाली, "लहान मुलांना यात आणायला नको होतंत तुम्ही. काहीही पढवायचं आणि बोलायला लावायचं, हे बरं नाही."

स्मिता उठली. ऋचाच्या पायात बूट घालायला तिला बराच वेळ लागला, आणि तेवढा वेळ साधना दार धरून उभी राहिली. जाताना ऋचानं दबक्या आवाजात, पहिल्यांदाच मराठीत विचारलं, "मम्मी, मी खोटं बोलले का?"

"नाही," स्मिता लिफ्टचं बटण दाबत म्हणाली. "तू नाही."

नऊ दिवसांनी ते गेले. आदल्या दिवशी उल्हासचा मेल आला, पाच पानांचा. साधनानं तो उघडला. त्यात तिच्याबद्दल एक अक्षर नव्हतं. मागची खोली पुढच्या हिवाळ्यासाठी कशी चालवायची, कोणता व्हॉल्व्ह अडकतो, तापमान एकदम उतरवलं तर मुळांना कसा धक्का बसतो, हे सगळं नव्या माणसासाठी ओळीनं लिहिलं होतं. साधनानं वरचं उल्हासचं नाव काढून टाकलं आणि तो मेल कंपनीच्या छापील माहितीपुस्तिकेत घातला.

एप्रिलमध्ये तिचा पास वाढला. पुढच्या वर्षी तिला पीआर, म्हणजे कायमचं राहायचा हक्क, मिळालं. मालकाला झोपेची कल्पनाच आवडली. मागची खोली मोठी करून तिला काच लावली, झाडं पाळीपाळीनं झोपायला लागली, आणि लोक भाड्याचे कोट घालून 'हिवाळा' बघायला तिकीट काढून यायला लागले. निशिकांत दुसऱ्या कंपनीत मोठ्या पदावर गेला. त्याच्या जागी साधना आली.

उल्हासबद्दल तिला एकदाच कळलं, तिथल्या मराठी मंडळाच्या गणपतीत, कुणाकडून तरी. अकोल्याजवळच्या एका शीतगृहात तो भाजीपाल्याची थंडी सांभाळत होता. ऋचाला मराठी लिहिता येत नाही म्हणून शाळेनं एक इयत्ता खाली बसवलं होतं.

मग २०१७च्या जुलैत दुबईहून एका माणसाचा फोन आला. तिथं असंच एक थंड उद्यान उभं राहत होतं. उल्हास तायडे नावाचा उमेदवार त्यांना पसंत पडला होता, मुलाखतीत झाडांबद्दल त्यानं जे सांगितलं ते ऐकून सगळे थक्क झाले होते. फक्त जुन्या नोकरीतल्या त्या शेऱ्याचं काय, एवढंच विचारायचं होतं.

"आम्ही त्यांनाच घ्यायचं ठरवलंय," तो माणूस म्हणाला. "तुम्ही प्रमुख आहात. तुम्ही 'हरकत नाही' म्हटलंत तरी पुरे."

साधना आता कुणाच्या सहीवर अवलंबून नव्हती. निशिकांत नव्हता. तो कागद नव्हता. केबिनमध्ये ती एकटी होती, आणि दोनच शब्द हवे होते. तिला ऋचा आठवली, सोफ्यावर पाय हलवणारी. पण हा माणूस दुबईत बोलायला लागला तर? माहितीपुस्तिका वाचून म्हणाला, हे तर माझंच आहे, तर?

"तांत्रिक काम उत्तम आहे त्यांचं," ती सावकाश म्हणाली. "पण खरं सांगायचं तर, न विचारता निर्णय घ्यायची सवय आहे. आणि नंतर जबाबदारी दुसऱ्यावर टाकतात. आम्हाला तो अनुभव आला."

पलीकडून त्या माणसानं मनापासून आभार मानले. तुम्ही स्पष्ट बोललात, नाहीतर लोक सांगत नाहीत, असं म्हणाला.

फोन ठेवून साधना पाणी प्यायली. तीन वाजता एका शाळेची मुलं येणार होती. ती कोट चढवून खाली गेली, दारात उभी राहिली आणि मुलांना म्हणाली की आत झाडं झोपलेली आहेत, कुणी मोठ्यानं बोलायचं नाही.