सुकन्या हसली नव्हती

वळसंगच्या स्टँडवर टीव्हीचं शूटिंग लागलं, तशी सोजरबाई शेरडं दावणीला बांधून तिथं गेली. खऱ्या गुन्ह्यांवरच्या मालिकेचा एक भाग होता. नावं बदलली होती, पण गोष्ट तिच्या लेकीची, सुकन्याचीच होती, हे सगळ्या गावाला ठाऊक होतं.

सुकन्या चिंचोळी एमआयडीसीत कामाला जायची. तिथला एकजण लग्नासाठी मागं लागला. ती नाही म्हणाली, चारचौघांत म्हणाली. त्यानं याच स्टँडवर तिच्यावर कोयता चालवला. आता तो जन्मठेप भोगत होता.

सुकन्याचं काम करणारी नटी, काव्या, एसटीची वाट बघत उभी राहिली. समोरून खुनी झालेला नट आला.

"हस! जरा लाजून," दिग्दर्शक ओरडला. "त्याला आशा लागली पाहिजे."

सोजरबाई थेट कॅमेऱ्यापुढं गेली. "कशाला हसंल ती?"

"मावशी, बाजूला व्हा."

"म्या तिची आय हाय. ती त्याला बघून कदी हसली न्हाय. हसली म्हणून कोर्टात त्योच बोलला. जज्जानं मानलं न्हाय, अन् तुमी मानताय व्हय?"

दिग्दर्शक समजावू लागला, "अहो, तो असा का झाला, ते दाखवावं लागतं."

"मग तुरुंगात जाऊन त्यालाच इचारा की! माझ्या पोरीच्या तोंडावर खोटं हसू कशाला लिवताय?"

दोघंजण तिला धरायला आले. तिनं रस्त्यातच बसकण मारली. शेजारची म्हाळसाबाई येऊन तिला खेटून बसली, मग आणखी बाया आल्या. एसटी आली तेव्हा त्यांनी सरकून वाट दिली आणि पुन्हा कॅमेरा अडवून बसल्या.

काव्या सोजरबाईजवळ आली. "काकू, ती काय म्हणाली होती?"

"न्हाय म्हणली. दुसरं काय म्हणंल?"

काव्या वळली. "सर, मी हसणार नाही. हवं तर दुसरी बघा."

ऊन उतरायला लागलं होतं. दिग्दर्शक चरफडला, पण शेवटी त्यानं ऐकलं. काव्यानं त्या नटाच्या डोळ्याला डोळा भिडवून "नाही" म्हटलं. ते होईपर्यंत सोजरबाई कॅमेऱ्याशेजारून हलली नाही.

भाग लागला तेव्हा खुन्याच्या बालपणावर रडकं संगीत घातलेलं होतं. सोजरबाईनं टीव्हीलाच चार शिव्या हासडल्या. मग स्टँड दिसला.

"आवाज वाढीव," ती म्हाळसाबाईला म्हणाली. "आळीला ऐकू जाऊ दे."