चांदीच्या पिनेवरचा आळ

मित्रांनो, अँडीजच्या डोंगरातल्या एका गावात बायकांच्या शालींवर मिरवलेली मी एक जुनी पिन आहे. जुनी चांदीची नाणी वितळवून मला ठोकून घडवलं. छातीवर शाल घट्ट धरून ठेवायची, हे माझं काम. आईनं लेकीला मला द्यायचं, ही आमच्याकडची रीत.

इलारियाकडे मी आले तेव्हा ती नवी नवरी होती. सणासुदीला बायका तिच्याआधी मलाच न्याहाळायच्या आणि मी तोऱ्यात चमकायची.

एकदा बटाटे काढताना ती कळवळली. उजव्या स्तनात काहीतरी टणक लागत होतं.

"पिन रुततेय तुला," तिची जाऊ मेल्चोरा म्हणाली. "डावीकडे लाव की!"

"डॉक्टरांना दाखवू का?"

"वेडी आहेस का? तो गाठीचा आजार गोऱ्या बायकांचा. आपल्या रक्तात कुठला आलाय!"

इलारियानं मला डावीकडे लावलं. मला बोलता आलं असतं तर! पुढची पेरणी तिनं पाहिली नाही. "हिनंच खाल्लं तिला," असं म्हणत मेल्चोरानं मला बियाण्याच्या डब्यात टाकलं. तिथं मी काळी पडले. आळाचं वाईट वाटायचं, पण इलारियाची आठवण जास्त छळायची.

वर्षं लोटली. एके दिवशी डबा उघडला. इलारियाची लेक नेलिदा मला हातात घेऊन उभी होती. तिचा दुसरा हात स्वतःच्या छातीवर होता.

"काकू, मी ही पिन कधी लावलीच नाही. मग मला ही गाठ कशी झाली?"

 

नेलिदा मला खिशात घालून शहरात गेली. डॉक्टरीणबाई म्हणाल्या, "तुमच्या डोंगरातल्या मूळच्या रक्ताच्या बायकांना हा स्तनाचा कर्करोग कमी होतो, हे खरं. पण होतो तेव्हा बरेचदा आडदांड, झपाट्यानं वाढणाऱ्या जातीचा असतो. त्यावर औषध आहे. वेळेत आलात, बरं झालं."

नेलिदाचे केस गेले, पुन्हा आले. परवा तिची लेक सामी म्हणाली, "आई, आता पिन मला दे ना!"

"देते. आधी हात दे." नेलिदानं तो हात आपल्या छातीवरच्या व्रणावर ठेवला. "इथं गाठ लागली होती हाताला. तूही स्वतःला चाचपून बघत जा. काही लागलं तर पिन हलवत बसायचं नाही, तडक दवाखाना गाठायचा."

आता मी सामीच्या शालीवर आहे. मित्रांनो, तुमच्या आईला कुठं दुखलं-खुपलं, तर दोष द्यायला एखादी पिन शोधू नका. तिला दवाखान्यात न्या. इलारियाला कुणीच नेलं नव्हतं.