बारा अळ्या

कमलाबाई बोलायला लागल्या की कानडी मुलखातल्या बसवनगुडीतले कावळेसुद्धा कठड्यावर येऊन बसायचे. "आमच्या नागपूरचे डास? दोघं मिळून म्हैस उचलायचे!" त्यांचे यजमान गुरुप्रसाद मात्र जन्मभर किड्यांच्या प्रयोगशाळेत खपलेले. मिलिमीटर सोडून बोलायचे नाहीत.

त्र्याण्णव साली देवनहळ्ळीच्या वाटेवरचं एक तळं घरांच्या लेआउटसाठी बुजवायला घेतलं. गुरुप्रसादांनी तिथून बारा अळ्या वाचवून आणल्या. कमळाच्या पानाचे दोन तुकडे कापायचे, मध्ये शिरून स्वतःला शिवून घ्यायचं आणि पाण्यावर तरंगायचं, अशी ही अळी. आतच कोष, मग नखाएवढा पांढरा पतंग. जगणार तीन दिवस.

"दुसऱ्या कुठल्याच तळ्यात सापडला नाही गं. नर-मादी एका वेळी निघाले, तरच वंश टिकेल."

आणि नेमकं त्यांच्या डोळ्याचं ऑपरेशन झालं. दुसरा डोळा आधीच गेलेला.

"आता तू बघायचं आणि मला सांगायचं. मीठमसाला न लावता!"

"सरी, साहेब," कमलाबाईंनी कानडीत होकार दिला.

मोठ्या अळ्या धाकट्यांचं पान पळवतात, असं कमलाबाईंना दिसलं. मग टोमॅटो निवडावेत तशा त्यांनी अळ्या निवडल्या. मोठ्या सहा घमेल्यात, गच्चीवर उन्हाला. धाकट्या सहा नहाणीत, झाकणाच्या बादलीत, गारव्याला. यजमानांना उगाच कशाला सांगा?

गच्चीवरचे पतंग आधी निघाले. कमलाबाई खबर घेऊन खाली आल्या.

"पोट जाड आहे?" गुरुप्रसाद अंथरुणावर उठून बसले.

"जाड."

"मादी! दुसरा?"

दुसराही जाडच होता. तिसराही जाड. सहाच्या सहा. नहाणीतले कोष अजून मिटलेलेच होते. अळी मोठी ती मादी, हे त्यांना तेव्हा कळलं.

"बारीक आहे हो दुसरा," त्यांनी ठोकून दिलं.

"नर!" म्हातारा पोरासारखा टाळ्या पिटायला लागला.

मग काय, कमलाबाईंनी तोंडानंच त्यांचं लग्न लावलं. अंतरपाट धरला, बेडकांना वाजंत्री बसवलं. गुरुप्रसाद हसून हसून पट्टीवरून डोळा दाबत होते. वर गच्चीत माद्यांनी एकट्यांनीच अंडी घातली आणि तीन दिवसांत त्या पाण्यावर आडव्या झाल्या.

"अंडी कशी आहेत गं?" पाचव्या दिवशी त्यांनी विचारलं.

"अहाहा! पहिल्या दिवसासारखी पिवळीधमक. नुसते मोती!"

गुरुप्रसादांनी बोटांवर दिवस मोजले.

"कमला, जीव धरलेलं अंडं चौथ्या दिवशी काळवंडतं."

मग रडत रडत कमलाबाईंनी सगळं सांगितलं. टोमॅटोसकट.

त्याच संध्याकाळी नहाणीतले सहा निघाले. सगळे बारीक.

"झाकण काढ," गुरुप्रसाद भिंतीकडे तोंड करून म्हणाले. "जाऊ देत."

"कुठे जातील हो?"

कमलाबाईंनी झाकण काढलं. सहाही पतंग खिडकीतून वर गेले. त्या धापा टाकत गच्चीवर पोचल्या, तर माद्यांच्या घमेल्याच्या काठावर सगळे ओळीनं बसलेले.

खालून हाक आली, "दिसले का गं?"

"दिसले," कमलाबाई म्हणाल्या. पुढे काही जोडलं नाही.