बघू कोण आधी संपवतं

धुरपदाबाईंनी साड्यांचा गठ्ठा दोन्ही हातांनी पलंगाखाली ढकलला, चादर जमिनीला टेकेल इतकी खाली ओढली आणि गुडघ्यावर हात देऊन उठल्या. खड्यांच्या पिशव्या पिठाच्या डब्यामागे गेल्या, खडे चिकटवायच्या गमचे कोन मोरीवरच्या फळीवर. सुरतेच्या गोडादऱ्यातली ती एवढीशी खोली एकदम मोठी आणि परक्या माणसाची असावी तशी दिसू लागली.

दारात रंजना येऊन उभी राहिली होती. साड्यांचा माल गल्लीतल्या बायकांना वाटायचा आणि खडे चिकटवून झाले की परत न्यायचा, हे तिचं काम. मूळची अकोल्याकडची, जीभ मोठी तिखट.

"काय वो मावशी, मंत्री येऊन राह्यला का घरी?"

"मयुरीनी मैत्रीण ई ऱ्हायनी. खेळाले."

"मंग माल कायले लपवला? पाच वर्साची पोरगी का छापा टाकते?"

धुरपदाबाईंनी पलंगाच्या कडेला बसलेल्या नातीचा, मयुरीचा, फ्रॉक ओढून सरळ केला आणि केसांतली पिन काढून पुन्हा त्याच जागी लावली.

पंधरा दिवसांपूर्वी शाळेतल्या बाईंनी सुषमाला, म्हणजे धुरपदाबाईंच्या सुनेला, बोलावून घेतलं होतं. पोर हुशार आहे, त्या म्हणाल्या, त्रास म्हणून कसला नाही, पण मुलांत मिसळत नाही. मधल्या सुट्टीत भिंतीशी बसून असते. पुढच्या वर्षी पहिलीच्या भरल्या वर्गात अशीच राहिली, तर ही आहे की नाही हेसुद्धा कोणाच्या ध्यानात येणार नाही. सुषमा त्या दिवशी घरी येऊन जेवली नाही. वर्षभरात मयुरीच्या तोंडून एकाच मुलीचं नाव निघालं होतं, हेत्वी. तेव्हा सुषमाने धीर करून शाळेच्या फाटकाशी हेत्वीच्या आईला गाठलं आणि मुलीला एखाद्या शनिवारी आमच्याकडे खेळायला पाठवाल का म्हणून विचारलं. ती हो म्हणाली. पण शनिवारी सुषमा गोडाऊनात साड्यांच्या पॅकिंगला, मुलगा भूपेंद्र लूमच्या खात्यात, मागांवर, दिवसपाळीला. राहिल्या धुरपदाबाई.

घरी मुलं आली की त्यांना कशात रमवायचं, ते सुषमाने मोबाइलवर बघून सासूला रात्री समजावून सांगितलं होतं. धुरपदाबाईंनी ते मन लावून ऐकलं. हळद घालून पिवळी आणि कुंकू घालून लाल अशी कणीक मळून ठेवली. रद्दी आणली होड्यांसाठी. चादरीचा तंबू करायला दोरी बांधून ठेवली. एवढी तयारी त्यांनी स्वतःच्या मुलीला पाहायला पाहुणे आले होते तेव्हाही केली नव्हती.

हेत्वीची आई कविता स्कूटीवरून आली. माणसं मूळची यवतमाळची, पण दोन पिढ्या सुरतेत, पोरगी गुजरातीच बोलायची. कविताने उंबऱ्यातूनच खोली एका नजरेत पाहून घेतली, पाच वाजता येते म्हणाली आणि गेली.

हेत्वीने पिवळ्या कणकेचा साप केला, तो मयुरीच्या अंगावर फेकला आणि ती हसायची वाट पाहिली. मयुरीने साप उचलून पाटावर ठेवला. तिने स्वतः कणकेच्या गोळ्या केल्या होत्या, बोराएवढ्या, सगळ्या सारख्या, पाटाच्या कडेने ओळीत. होड्या बादलीत सोडल्या तेव्हा हेत्वीने पाणी उडवलं आणि मयुरीने फडकं आणून पुसलं. तंबूत हेत्वी ओरडत शिरली, वाघ झाली, वाघाची आईही झाली. मयुरी बाहेर राहून चादरीचं वाकडं टोक सरळ करत बसली.

"आ तो रमतीज नथी," हेत्वी आजीकडे तक्रार घेऊन आली. ही तर खेळतच नाही. आणि मग, थोडा वेळ इकडेतिकडे पाहून, "मम्मी क्यारे आवशे?" मम्मी कधी येणार?

घड्याळात पावणेचारच झाले होते. ही पोरगी आज अशी कंटाळून गेली की पुन्हा येणार नाही आणि सोमवारी शाळेत मयुरीजवळ बसणारही नाही. लहान मुलांचं एवढ्यावरच ठरतं. त्यांनी बांगड्या काढून दिल्या, डबे वाजवून दाखवले, या वयात डोक्यावर पदर घेऊन माकडिणीसारख्या उड्यासुद्धा मारल्या. हेत्वी हसली, पण तेवढ्यापुरती.

मग ती कंटाळून पलंगाखाली शिरली आणि साडीचं टोक ओढतच बाहेर आली.

"आ शुं छे?" हे काय, म्हणून तिने विचारलं.

अर्धी भरलेली किनार होती, जांभळ्या कापडावर पांढरे खडे. धुरपदाबाई साडी परत घ्यायला वाकल्या. पण त्यांच्याआधी मयुरी उठली. पाटावरची कणीक बाजूला सारली, मांडी घातली, किनार गुडघ्यांवर ताणून धरली आणि म्हणाली, "आजी, गम दे ना."

इतक्या मोठ्याने ती दुपारपासून बोलली नव्हती.

धुरपदाबाईंनी फळीवरचा कोन दिला. डब्यामागच्या पिशव्या काढल्या. मयुरीने गमचा ठिपका कसा ठेवायचा ते हेत्वीला दाखवलं, काडीच्या टोकाला मेण लावून खडा कसा उचलायचा ते दाखवलं, आणि हे सगळं घडाघडा गुजरातीत, मास्तरणीच्या तोऱ्यात. हेत्वीने दोन खडे किनारीवर लावले आणि तिसरा स्वतःच्या नाकाला. मयुरी खुदकन हसली. धुरपदाबाईंचा जीव भांड्यात पडला. बघू कोण आधी किनारीवरचं पान संपवतं, त्या म्हणाल्या, आणि दोघी माना घालून कामाला लागल्या. हेत्वीचं वेलाचं पान पार वाकडं झालं. मयुरीने तिला न दुखवता नखाने खडे काढले आणि पुन्हा नीट लावले.

पाच कधी वाजले कळलंच नाही. कविता आली तेव्हा हेत्वी उठायला तयार नव्हती. कविताने साडीकडे पाहिलं, धुरपदाबाईंकडे पाहिलं. धुरपदाबाईंच्या हातातली काडी तशीच राहिली. पण कविता वाकून मुलीच्या नाकावरचा खडा काढत एवढंच म्हणाली, "पुढच्या शनिवारी मयुरीला आमच्याकडे पाठवा, मावशी."

रात्री जेवताना धुरपदाबाईंनी ही हकीकत मुलाला आणि सुनेला तीनदा सांगितली. मोबाइलवरचं काही चाललं नाही, चालली ती आपलीच युक्ती, हे सांगताना त्यांचा आवाज चढायचा. युक्ती जुनी होती. मयुरी दोन वर्षांची असताना सुषमा पुन्हा कामाला लागली आणि पोर दिवसभर रडायची. तेव्हा त्यांनी तिच्यापुढे दोन वाट्या ठेवल्या. लाल खडे हीत, पांढरे तीत. बघू कोण आधी संपवतं. पोर गप्प झाली ती झालीच. माझी नात कधी त्रास देत नाही, असं त्या गल्लीत सांगायच्या आणि बायका आपापल्या पोरांना मयुरीचं उदाहरण द्यायच्या.

पुढच्या शनिवारी त्या नातीला घेऊन कविताच्या सोसायटीत गेल्या. तिसऱ्या मजल्यावर दार उघडलं, आत मयुरीच्या उंचीची खेळण्यांची मांडणी दिसली. त्या पोरीला दारात सोडून परतल्या. रंजना संध्याकाळी माल न्यायला येणार होती. नातीचे हात नव्हते, तर दुपारभरात काम नेहमीच्या निम्मंही उरकलं नाही. पोरीचा हात एवढा चालतो, याचंही त्यांना कौतुक वाटलं. पाच वाजता गठ्ठा तसाच उघडा टाकून त्या निघाल्या.

दार कविताने उघडलं. मयुरी तिच्या मागे चपला घालून तयार उभी होती. आतल्या खोलीत टीव्हीवर कार्टून लागलेलं होतं.

"किती गुणाची हो तुमची मयुरी," कविता म्हणाली. "मी दोघींना मण्यांचा डबा दिला, माळा करा म्हणून. आमची दोन मिनिटांत उठली. हिने सगळा डबा वेगळा केला, रंगारंगाचा. मग ठोकळे काढले, तेही लहान-मोठे वेगळे लावले. कपाटाचा खालचा खण तर मी वर्षभर आवरला नव्हता."

धुरपदाबाई हसल्या.

"बाथरूमला जायचं होतं, तर मला विचारते, एवढं संपवून जाऊ का? मी म्हटलं, अगं जा की. आणि शेवटी माझ्यापुढे येऊन उभी. झालं म्हणाली. अजून द्या." कविता मनापासून हसली. "म्हटलं, तू इथेच राहायला ये बाई."

मग तिने आत हाक मारली, हेत्वी, मयुरी चालली, बाय कर. आतून कार्टूनचाच आवाज आला. तिने पुन्हा हाक मारली. "आज जरा रुसलीय," ती म्हणाली.

पुढच्या शनिवारचं कोणी काही बोललं नाही.

जिना उतरताना धुरपदाबाईंनी कठडा धरला. कविता काही वाईट बोलली नव्हती. गल्लीत त्या स्वतः जे सांगायच्या तेच ती बोलली होती. पहिल्या वळणावर त्या उगाच थांबल्या. अमळनेरजवळच्या त्यांच्या गावी, कापूस वेचायच्या दिवसांत आई त्यांना शेजारच्या ओळीत उभी करायची. कापूस भरायला पोटाशी बांधलेली ओटी त्यांच्या पायांपर्यंत यायची. बघू कोण आधी ओळ संपवतं, आई म्हणायची, आणि मुद्दाम मागे राहायची. साठ वर्षं धुरपदाबाई तो खेळ म्हणून आठवत आल्या होत्या. लहानपणी काय खेळायचात असं कोणी विचारलं असतं, तर त्यांनी तोच सांगितला असता.

"आजी, चाल ना," मयुरीने पदर ओढला.

सोसायटीचं फाटक मागे पडलं. मयुरीने विचारलं, "आजी, हेत्वीकडचा माल न्यायला कोण येतं? रंजनामावशीच का?"

"कोनीच येत नही, बेटा."

"मग ते लावलेलं?"

"पोरे मोडी टाकतंस. मंग पुन्हा करतंस."

मयुरीने मान वर करून आजीकडे पाहिलं. आजी थट्टा करते आहे का, ते ती बघत होती. मग तिने मान खाली घातली आणि म्हणाली, "मग मी नीट केलं ते?"

त्यांच्या गल्लीच्या अलीकडे एका घरावर मजला चढत होता आणि रस्त्याच्या कडेला वाळूचा ढीग पडला होता. एव्हाना रंजना दाराशी येऊन उभी असेल, अर्धवट गठ्ठा बघून काय काय बोलत असेल. धुरपदाबाई ढिगाशी थांबल्या. मग लुगडं सावरून खाली बसल्या, वहाण काढली आणि पाऊल वाळूत घातलं. वरून ओली वाळू ओढून हाताने थापली. पाय हळूच बाहेर काढला. खोपा ढासळला. त्यांनी पुन्हा केला. दुसऱ्या वेळी भिंत उभी राहिली, तोंड वेडंवाकडं, पण राहिली.

"हे काय?"

"घर."

"कोणाचं?"

"कोनंच नही."

मयुरी उकिडवी बसली. थोड्या वेळाने तिचा हात वाळूत गेला. बारीक खडी ती एकेक वेचून काढू लागली आणि बाजूला ठेवू लागली, मोठी वेगळी, लहान वेगळी.

धुरपदाबाईंनी ते पाहिलं. मग पाय उचलला आणि आपलाच खोपा मोडून टाकला.

मयुरीचा हात तिथेच थबकला. मग दोन्ही हात मागे गेले. तिने आधी रस्त्याच्या एका टोकाला पाहिलं, मग दुसऱ्या, कोणी बघितलं तर नाही ना म्हणून. एक रिक्षा गेली. समोरच्या ओट्यावर एक बाई भाजी निवडत होती, तिने मानही वर केली नाही.

"आते तू कर," धुरपदाबाई म्हणाल्या.

पोरीने चपला काढल्या. दोन्ही जुळवून ठेवल्या. एक पाऊल वाळूत घातलं, आणि आजीच्या तोंडाकडे बघत तशीच उभी राहिली.

धुरपदाबाईंनी मान फिरवली आणि रस्त्याकडे पाहत बसल्या. पाठीमागे बराच वेळ काही हललं नाही. मग थापेचा आवाज आला. मग आणखी एक, मग लागोपाठ दोन-तीन. एकसारखे नव्हते.